इकडे बघू नकोस

जळगावात गिरधर भंगाळेचं नाव निघालं की लोक आधी दोन बोटं कात्रीसारखी हलवत आणि मग हसत. त्याला ते आवडायचं. मुंबईत बारा वर्षं दुसऱ्यांच्या सिनेमांची कापाकापी करून त्याने स्वतःसाठी काय मिळवलं म्हणाल, तर हे टोपणनाव. कात्री भंगाळे. निर्माता कितीही रडो, नटी कितीही रुसो, एखादा तुकडा गिरधरला फालतू वाटला की तो गेलाच म्हणून समजा. त्याच्या टेबलाशी रदबदली चालत नसे. एका मोठ्या निर्मात्याच्या मेव्हण्याचं अख्खं गाणं त्याने उडवलं होतं, आणि वर त्या मेव्हण्यालाच चहा पाजून सांगितलं होतं की बाबा रे, तुझं भलं केलं.

मूळचा तो एदलाबादकडचा. वडील तोताराम भंगाळे केळीचे बागाईतदार, बोलायला कडक, मनाने साधे. मुलगा जळगावला कॉलेजात जातो म्हणून ते गावात ताठ मानेने फिरायचे, आणि मुलगा इकडे कॉलेजऐवजी टॉकीजच्या ऑपरेटरच्या खोलीत बसलेला असायचा. त्या काळी प्रिंटा गावोगाव फिरून पार चिंध्या होऊन येत. फिल्म तुटली की खाली पब्लिक शिट्ट्या मारी, आणि वर ऑपरेटर घाईघाईने दोन टोकं खरवडून चिकटवी. हा जोड गिरधर असा काही सफाईने मारायला लागला की ऑपरेटर बिडी ओढायला बाहेर जाऊ लागला. त्या जोडांतच त्याला एक गंमत कळली. मधला खराब भाग काढून टाकला तरी माणसाला पत्ता लागत नाही. माणूस दारातून निघतो आणि एकदम विहिरीवर पोचतो, मधली वाट कुणी मागत नाही. गिरधरचं सगळं आयुष्य या एका गमतीवर गेलं, आणि पुढे तिनेच त्याला रडवलं.

तोतारामांना खरा प्रकार कळला तेव्हा त्यांनी आधी लग्न उरकलं. सावद्याची मुलगी, पुष्पा. वाटलं, संसाराला लागेल. गिरधर संसाराला लागला नाही, मुंबईच्या गाडीला लागला. बायको सासरी राहिली. दादरच्या एका खोलीत चौघं जण झोपायचे, तिथे तिला कुठे नेणार?

वर्षातून दोनदा तो घरी यायचा, दिवाळीला आणि आखाजीला. आता आखाजी म्हणजे आपल्याकडे लेकी माहेरी जायचा सण. म्हणजे हे महाशय रजा काढून मुंबईहून यायचे आणि बायको सावद्याला झोके घेत असायची. मग सासुरवाडीला जाणं आलं. तिथे सासरे, मेव्हणे, चुलत सासरे असा सगळा दरबार. दिवाळीला घरी आलं तर आबा आणि आई. वडीलधाऱ्यांसमोर बाईने नवऱ्याच्या तोंडाकडे बघायचं नाही अशी रीत होती. पुष्पा रीतीची पक्की. ती ताट ठेवायची ते पाटाकडे बघून, तांब्या द्यायची तो जमिनीकडे बघून. मूलबाळ झालं नाही. बारा वर्षांत त्या बाईने नवऱ्याचा चेहरा उजेडात नीट किती पाहिला असेल, ते तिचं तिलाच ठाऊक. गिरधरच्या हे डोक्यातही आलं नाही. त्याच्या डोक्यात सिनेमा होता.

स्वतःचा सिनेमा. दिग्दर्शन आपलं, निर्मिती आपली, आणि कात्रीही आपलीच. सदुसष्ट साली धुळ्याचे रिखबचंद शेठ पैसा घालायला तयार झाले. कापडाची पेढी, शिवाय स्वतःचं टॉकीज. शेठ मोजकं बोलत आणि सिनेमा बघताना मात्र ढसाढसा रडत. गोष्ट होती पांझरेकाठच्या एका पोरीची, नाव ‘पांझरेची लेक’. दोन नट पुण्याचे, कॅमेरामन मुंबईचा, बाकी सगळी माणसं खानदेशची. मुंबईच्या स्टुडिओत थर्माकोलचं खेडं उभं करायचं नाही, खऱ्या गावात खरी माणसं घ्यायची, असा गिरधरचा हट्ट.

धुळ्याच्या पश्चिमेला नदीकाठी एक गाव ठरलं. पुरुष हौसेने तयार झाले. काही तर दाढ्या करून, नव्या टोप्या घालून आले, त्यांना परत जुन्या टोप्या आणायला पाठवावं लागलं. अडलं ते बायकांपाशी. बाजार, विहीर, सणवार, सगळीकडे बाया हव्या आणि एक बाई उंबऱ्याबाहेर येईना. शेवटी गावचे अभिमन नाना गिरधरला बाजूला घेऊन म्हणाले, “भाऊ, बाया उभ्या ऱ्हातीन. पन पहिले तुनी घरनी उभी कर. तुनी बायको कॅमेरासमोर चालस, मंग आमन्या बठ्ठ्या चालतीन.”

बोलणं रास्त होतं. आपल्या घरची बाई झाकून ठेवायची आणि लोकांच्या बाया चव्हाट्यावर आणायच्या, हे कोण ऐकून घेईल? गिरधरने दुसऱ्याच दिवशी माणूस पाठवून पुष्पाला बोलावून घेतलं. ती आली ती युनिटचा स्वयंपाकही अंगावर घेऊन. सकाळी भाकऱ्या, मग पदर डोक्यावर घेऊन कॅमेऱ्यासमोर. ती उभी राहिली आणि गावातल्या बाया एकेक करत तिच्या मागे येऊन उभ्या राहिल्या. धुरपदाबाई नावाची एक ठसकेबाज म्हातारी तर तिचा हातच सोडेना.

आणि मग सुरू झाला ताप. पुष्पा कॅमेऱ्यात बघायची.

सिनेमात हे सगळ्यात मोठं पाप. गर्दीतलं एक माणूस जरी कॅमेऱ्याकडे बघून गेलं तरी प्रेक्षकाला कळतं की इथे कॅमेरा होता, आणि सगळं खोटं पडतं. गिरधरने गावाला हे पहिल्या दिवशी समजावून सांगितलं होतं. धुरपदाबाईला कळलं, शाळेतल्या पोरांना कळलं, पुष्पाला कळेना. बाजाराचा प्रसंग: बाया मिरच्या घेतायत, भाव करतायत, आणि पुष्पा मिरच्या हातात धरून सरळ समोर बघतेय. विहिरीचा प्रसंग: तेच. एकदा तर ती बांगड्यांच्या दुकानापाशी वळली, समोर बघितलं आणि हसली. मग एकदम तोंडाला पदर लावला. कॅमेरामन म्हणाला, “भंगाळे, हा शॉट फार सुंदर आलाय.” गिरधर म्हणाला, “वाया गेला.”

श्रावण होता. सर यायची, जायची. गिरधर मुंबईहून आणलेली काळी छत्री रोज कुठेतरी विसरायचा आणि पुष्पा ती रोज शोधून आणायची. दिवसभर दोघं समोरासमोर असायची. सासरे नाहीत, सासू नाही, मेव्हणे नाहीत. गिरधर कॅमेऱ्याला खेटून उभा, आणि दहा पावलांवर ती.

रविवारी गावात कानबाई, खानदेशची श्रावणातली देवी, बसली. विसर्जनाची मिरवणूक सोमवारी सकाळी, आणि ती खरी. देवी काही सिनेमासाठी पुन्हा बसवता येत नाही, अभिमन नानांनी तसं बजावलं होतं. एकदाच जे मिळेल ते. त्या धास्तीने गिरधरचं डोकं आधीच तापलेलं. रविवारी दुपारी विहिरीचा एक राहिलेला तुकडा घेताना पुष्पाने पुन्हा समोर बघितलं, आणि त्याचा तोल सुटला.

“इकडे बघू नकोस! कितीदा सांगायचं तुला? अक्कल आहे की नाही?”

सगळं गाव ऐकत होतं. रहाटाचा आवाजही थांबला. पुष्पाने घागर उचलली आणि ती बाजूला झाली. धुरपदाबाई गिरधरकडे असं बघत राहिली की त्याला मान खाली घालावी लागली. पण संध्याकाळपर्यंत तो विसरला. रागावणारा लवकर विसरतो.

दुसऱ्या दिवशी मिरवणूक उत्तम मिळाली. डफ वाजले, बाया फुगड्या खेळल्या, नदीकाठी गाणी झाली, आणि कुणीही कॅमेऱ्यात बघितलं नाही.

एडिटिंगचं टेबल त्याने धुळ्यालाच आणवलं. रिखबचंद शेठच्या पेढीमागे कापडाच्या गाठी ठेवायची एक कोठडी होती, ती रिकामी करून दिली. आत दोरी बांधून फिल्मचे तुकडे चिमट्याने लटकवलेले, खाली पांढऱ्या कापडाची मोठी पिशवी, नको ते तुकडे त्या पिशवीत. एक दिवस पुष्पा चहा घेऊन आली. दोरीवरचा एक तुकडा तिने खिडकीच्या उजेडात धरला. बोटभर रुंदीच्या त्या पट्टीत एकाखाली एक कितीतरी पुष्पा होत्या.

“ही मीच हाये का हो?” ती म्हणाली.

“हात लावू नकोस. बोटांचे डाग पडतात.”

तिने पट्टी हळूच सोडली. कप ठेवून ती गेली, पण दारातून एकदा वळून दोरीकडे बघून गेली. गिरधरला ते आठवतं, कारण तेव्हा त्याने बघितलं होतं.

सिनेमा लांबला होता. शेठ म्हणाले, “भंगाळेजी, गोष्ट चांगली आहे, मी दोनदा रडलो. पण खेड्यातला माणूस सहाच्या शोला बसला तर त्याला शेवटची यष्टी मिळाली पाहिजे. नाहीतर अर्धं टॉकीज इंटरव्हलनंतर उठून जाईल.” बरोबरच होतं. मग कात्री चालली. आधी कोण गेलं असेल ते सांगायला नको. बाजार गेला, तिच्यापुरता. विहीर गेली, तिच्यापुरती. बांगड्यांच्या दुकानापाशी ती हसली होती तो तुकडा त्याने एकदा काढला, परत लावला, पुन्हा काढला. का लावला होता ते त्याचं त्याला कळेना. शेवटी त्याने स्वतःलाच दटावलं. लोकांच्या मेव्हण्यांची गाणी उडवणारा मी, बायको म्हणून माझा हात थांबला तर मला कोण कात्री म्हणेल? तुकडा पिशवीत गेला.

दिवाळीआधी शेठना कोठडी मालासाठी हवी होती. त्यांनी विचारलं, “हे पिशवीतलं काय करायचं?”

“कचरा आहे,” गिरधर म्हणाला. “देऊन टाका.”

एक भंगारवाला आला आणि पिशवी हातगाडीवर घालून घेऊन गेला. असली फिल्म सोड्याच्या गरम पाण्यात धुतात. वरची चांदी सुटते, ती वेगळी विकतात, आणि खाली उरलेल्या कोऱ्या पट्ट्यांच्या टिकल्या नाहीतर कॉलरच्या काड्या होतात.

धुळ्याला सिनेमा लागला त्या दिवशी पांझरेकाठचं अख्खं गाव ट्रक करून आलं. बायका बाल्कनीत. पडद्यावर कुणी ओळखीचं दिसलं की वरून नाव पुकारलं जाई. धुरपदाबाई दिसली तेव्हा तर खाली पुरुषांनीही टाळ्या वाजवल्या. पडद्यावर झाडून सगळ्या बाया आल्या, ज्या पुष्पाचं बघून घराबाहेर पडल्या होत्या त्या सगळ्या. पुष्पा त्यांच्या मधोमध नवं पातळ नेसून बसली होती. शेवटची पाटी आली, दिवे लागले, आणि धुरपदाबाईने मोठ्यांदा विचारलं, “पुष्पाबाई, तू कथी गयी वं? तू ते आमना म्होरे व्हती ना!”

पुष्पा हसली. म्हणाली, “बरंच झालं बाई. माझं लुगडं लई मळकं व्हतं.”

जळगावच्या यष्टीत दोघं शेजारी बसली होती. पारोळा गेल्यावर गिरधरनेच विषय काढला. त्याला वाटलं, समजावून सांगावं. “तू कॅमेऱ्यात बघत होतीस. म्हणून काढावं लागलं. दुसरं काही नाही.”

ती बाहेर कपाशीकडे बघत होती. तशीच म्हणाली, “कॅमेरा कुठी व्हता ते मले काय ठाव? तिथी त तुमी व्हते.”

एखाद्याला त्या क्षणी कळलं असतं. गिरधरला कळलं नाही. तो म्हणाला, “तेच तर चुकतं तुम्हा लोकांचं,” आणि एरंडोलच्या आत त्याला झोप लागली. पुढे कितीतरी वर्षं त्याला या झोपेचीच सगळ्यात जास्त लाज वाटत राहिली. नंतर कुणाला सांगायची वेळ आलीच, तर तो सिनेमाबद्दल सगळं सांगायचा, ही झोप सोडून.

‘पांझरेची लेक’ धुळ्या-जळगावला बरा चालला. मुंबई-पुण्याने हात लावला नाही. दुसऱ्या सिनेमाला शेठ हात जोडून नाही म्हणाले. गिरधर मुंबईला गेला नाही, एवढं मात्र झालं. जळगावात दोन खोल्या घेऊन तो पुष्पासकट राहू लागला. खताच्या, बियाण्यांच्या, पंपांच्या छोट्या फिल्मा करायचा, इंटरव्हलमध्ये दाखवतात तसल्या. करायचा सगळं एकटाच. या घरात वडीलधारं कुणी नव्हतं, पुष्पाने कितीही बघितलं असतं तरी चाललं असतं. पण तिची सवय मोडली होती. ती कामापुरतं बोलायची, हसायची, त्याची छत्री शोधून द्यायची. समोर बसली तरी तिची नजर भिंतीवर नाहीतर हातातल्या कामावर असायची. गिरधरला वाटायचं, बाई शांत स्वभावाची आहे.

त्र्याहत्तरच्या उन्हाळ्यात तिला कावीळ झाली. आधी घरगुती उपाय, मग डॉक्टर, मग दवाखाना, या क्रमाने जे व्हायचं ते झालं.

तेराव्याला फोटोला हार घालायचा म्हणून कुणीतरी फोटो मागितला. पेट्या उघडल्या, ट्रंका उघडल्या. लग्नात फोटो काढले नव्हते. नंतर कोण काढणार? सावद्याला माणूस पाठवला, तिकडेही नाही. जमलेल्यांत कुजबूज झाली. सिनेमावाल्याच्या घरात बायकोचा एक फोटो नसावा? गिरधरने ती कुजबूज ऐकली. हार शेवटी कुलदैवताला घातला.

मग तो धुळ्याला गेला. रिखबचंद शेठनी हळहळून भंगारवाल्याला शोधून आणवलं. तो बिचारा हसूच लागला. इतक्या वर्षांपूर्वीची फिल्म? गिरधर मुंबईला लॅबोरेटरीत गेला. तिथल्या कारकुनाने सांगितलं की न वापरलेली निगेटिव्ह दोन वर्षं ठेवतात, मग काढून टाकतात. आम्ही पत्र पाठवलं होतं, तुमचं उत्तर आलं नाही. पत्र आलं होतं. गिरधरने ते वाचून फेकून दिलं होतं.

उरला सिनेमा. त्यात ती नाही हे त्याच्याइतकं कुणाला माहीत असणार? तरीही तो परत धुळ्याला आला आणि शेठना म्हणाला, एकदा लावा. शेठनी सकाळी टॉकीज उघडून दिलं. खुर्च्या झाडणारा झाडत होता, आणि मधोमध गिरधर एकटा.

त्याने चेहरे शोधले. बाजारात शोधले, विहिरीवर शोधले. त्याने काम चोख केलं होतं, कुठे नखाएवढी पुष्पा शिल्लक नव्हती. स्वतःच्या हाताचा त्याला असा संताप आला की त्याने हात मांडीखाली दाबून धरले.

मग कानबाईची मिरवणूक आली. डफ, बाया, गुलाल. सगळ्या बाया एका बाजूने जातायत, कुणी देवीकडे बघतंय, कुणी एकमेकींकडे. आणि मिरवणुकीच्या कडेला एक बाई कॅमेऱ्याकडे पूर्ण पाठ करून चाललीय. पदर डोक्यावरून खाली ओढलेला. मान ताठ, मुद्दाम ताठ. आणि काखेत, कथेशी जिचा काही संबंध नाही अशी, पुरुषाची काळी छत्री.

कापताना त्याने फक्त डोळे तपासले होते. छत्री त्याला दिसलीच नव्हती. कात्री भंगाळेच्या सगळ्या कारकिर्दीत राहून गेलेली ही एक चूक.

मिरवणुकीच्या आदल्या दिवशी त्याने गावासमोर तिची अक्कल काढली होती. तिने बघणं सोडलं, पण पावसाचे दिवस होते, छत्री सोडली नाही. गिरधर टॉकीजमध्ये मोठ्याने रडला. झाडणारा झाडू घेऊन बाहेर गेला. शेठनी काही न विचारता ते रीळ पुन्हा लावायला सांगितलं.

त्यातली एक चौकट त्याने प्रिंटमधून कापून घेतली. आयुष्यात पहिल्यांदा त्याने एखादी गोष्ट ठेवायची म्हणून कापली. जळगावच्या फोटोग्राफरने ती मोठी करताना विचारलं, “दुसरा नाही का, तोंडाचा?” गिरधर नाही म्हणाला.

त्यानंतर त्याचं कामही गेलं. केळीच्या बागांवर एक सरकारी फिल्म मिळाली होती. रावेरकडच्या बाया घड वाहताना कॅमेऱ्यात बघत होत्या, एक तर थांबून बघत होती. अधिकारी म्हणाले, “या काढा.” गिरधर म्हणाला, “बघू द्या त्यांना. कुणाला तरी बघत असतील.” फिल्म दुसऱ्याकडे गेली. त्याने टेबल विकलं आणि आबांकडून येणाऱ्या केळीच्या उत्पन्नावर राहू लागला.

सत्त्याहत्तरच्या आखाजीला तोताराम आबा जळगावला आले. पार थकले होते. भिंतीवरच्या फोटोपाशी काठी टेकून ते उभे राहिले. करड्या दाण्यांचा, पुसट, पाठमोऱ्या बाईचा फोटो, वर हार. समोर गिरधरची खुर्ची, तिचं तोंड भिंतीकडे.

“गिरधर,” आबा म्हणाले, “पाठमोरा फोटो कोनी लावते का रे? तोंड दिसत नाही पोरीचं.”

गिरधर खुर्चीत बसला होता. तो फोटोकडेच बघत म्हणाला, “म्याच सांगतलं व्हतं तिले आबा, इकडी पाहू नको म्हनून. आयकलं तिनं.”